लेज्जोपुढे घडलेला सूत्रधार

परक्या नटाच्या ओठांवर आपली भाषा ठेवण्याच्या ज्या व्यवसायावर आपण जगतो, त्याला इटलीत लाभलेल्या प्रतिष्ठेचे मूळ कलाप्रेमात नसून एका सरकारी हुकुमात आहे. १९३० साली मुसोलिनीच्या अमलात परभाषेतील संवादांच्या बोलपटांना मनाई झाली. पुढे १९३३ च्या कायद्याने परदेशी चित्रपटांचे डबिंग इटलीतच झाले पाहिजे अशी सक्ती आली. आणि धाकाने उभारलेल्या त्या तटबंदीच्या आत, रोमच्या ध्वनिमुद्रणगृहांतून, अशी एक विद्या वाढीस लागली की ती राजवट लयास गेल्यावरही प्रेक्षकांनी तिची साथ सोडली नाही. रॉबर्ट डी नीरो, अल पचिनो आणि डस्टिन हॉफमन या तिघांनाही फेर्रुच्चो आमेंदोला यांचा एकच कंठ लाभला, आणि तेथील रसिकांनी तो प्रेमाने स्वीकारला.

त्याच रोममध्ये १९५९ साली जन्मलेले पीनो इन्सेन्यो यांची कारकीर्द आज आपणापुढे ठेवावीशी वाटते, ती त्यांच्या कीर्तीसाठी नव्हे. विनोदी नाट्यप्रवेश करणाऱ्या ‘प्रेमियाता दित्ता’ या चौघांच्या मंडळीतून ते लोकांपुढे आले. परंतु ज्या माणसाचा हशा पिकविण्यात हात बसला होता त्यानेच ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या इटालियन आवृत्तीत व्हिगो मॉर्टेन्सनच्या अ‍ॅरागॉर्नला, म्हणजे एका मितभाषी, वनवासी राजाला, वाचा दिली, आणि विल फेरेल, साशा बॅरन कोहेन यांच्यासारख्या उच्छृंखल नटांनाही दिली. आपल्या कामाला परकायाप्रवेश म्हणण्याचा प्रघात आहे. मला तो अपुरा वाटतो, कारण कथेतल्या योग्याला रिकामे शरीर मिळते, आणि आपल्याला मात्र ज्या शरीरात दुसरा कलावंत आधीच पूर्णत्वाने वसलेला आहे तेथे त्याला धक्का न लावता राहावे लागते.

इटालियन कलाकार ज्या वाचनपीठापुढे उभा राहतो त्याला लेज्जो म्हणतात. पूर्वी चित्रफितीच्या लहानशा तुकड्याची टोके जोडून तो पडद्यावर पुनःपुन्हा फिरवीत, म्हणून त्या तुकड्याला आनेल्लो, म्हणजे कडे, असे नाव पडले. आणि यंत्रे बदलली तरी शब्द टिकला. अंधारात उभे राहून, एक डोळा मजकुरावर आणि एक पडद्यावर ठेवून, नट श्वास घेतो तेथे श्वास घ्यायचा व तो थबकतो तेथे थबकायचे, अशी ही तालीम मुख्यत्वे बोलण्याची नसून ऐकण्याची असते.

मला जे सांगायचे आहे ते येथेच. राई वाहिनीवरील ‘रेआत्सिओने आ कातेना’ या शब्दखेळाचे सूत्रसंचालन इन्सेन्यो यांनी २०१० पासून काही वर्षे केले आणि २०२४ मध्ये ते पुन्हा त्यांच्याकडे आले. त्या खेळाच्या एका फेरीत दोघे सोबती एकेक शब्द आळीपाळीने उच्चारून प्रश्नाचे वाक्य रचतात आणि तिसऱ्याने ६० सेकंदांत शक्य तितकी उत्तरे ओळखायची असतात. अशा वेळी सूत्रधाराचा एक अस्थानी उद्गारही स्पर्धकांची लय मोडू शकतो. म्हणून जो माणूस वर्षानुवर्षे दुसऱ्याच्या श्वासावर नजर ठेवून उभा राहिला, त्याची ती विद्या येथे वाया जात नाही अशी माझी समजूत आहे.

डबिंग कलाकाराचा चेहरा परिचित झाला की पडद्यावरील भ्रम भंगतो, असा आक्षेप आपल्या क्षेत्रातील काही ज्येष्ठ घेतात. त्यांच्याविषयी पूर्ण आदर राखूनही मी तो मान्य करू शकत नाही. सूत्रसंचालन मिळाले म्हणजे लेज्जोपासून बढती झाली, असे समजणाऱ्या तरुणांचे मात्र मला अधिक दुःख होते, कारण आज ध्वनिमुद्रण एकेकट्याने, सहकलाकाराच्या गैरहजेरीत होऊ लागले असून ऐकण्याची ती जुनी तालीम तेवढ्यानेच क्षीण होत आहे. अशा तरुणांनी त्या राजाचे संवाद इटालियनमध्ये एकदा ऐकावेत. भाषा कळली नाही तरी चालेल, फक्त ओठ उघडण्याआधीचा श्वास कोणाचा आहे, मॉर्टेन्सनचा की इन्सेन्योंचा, एवढे कान देऊन ओळखून पाहावे.