ही ‘आजी’ कुणाची?

आन्येस वार्दा २९ मार्च २०१९ रोजी पॅरिसमध्ये निवर्तल्या. तेव्हा त्या नव्वद वर्षांच्या होत्या. त्यांच्याविषयीच्या लेखनात ‘न्यू वेव्हची आजी’ हे बिरुद हमखास भेटते. बिरुद कौतुकाचे आहे, आणि कौतुकाचे आहे म्हणूनच आजवर त्याची झडती कुणी फारशी घेतलेली नाही.

प्रथम जन्मतारखा पाहू. वार्दांचा जन्म ३० मे १९२८ चा. झाक रिव्हेत १ मार्च १९२८ चे, म्हणजे तीन महिन्यांनी मोठे. एरिक रोमेर १९२० चे, तब्बल आठ वर्षांनी मोठे. गोदार केवळ दोन वर्षांनी धाकटे. मग ही नातवंडे कोण? आणि रोमेर यांच्या नावामागे ‘आजोबा’ हे बिरुद का चिकटले नाही?

यावर उत्तर असे दिले जाते, की वार्दा यांचा पहिला चित्रपट ‘ला प्वांत कूर्त’ १९५५ मध्ये आला, तर त्र्युफो आणि गोदार यांचे पहिले दीर्घ चित्रपट अनुक्रमे १९५९ आणि १९६० मध्ये. हे खरेच आहे. पण वाट आधी पाडणाऱ्याला आपल्या भाषेत ‘प्रवर्तक’, ‘पूर्वसुरी’ असे शब्द आहेत. पुरुषाच्या बाबतीत जे कर्तृत्व ठरते, ते स्त्रीच्या बाबतीत वय कसे ठरते, असा हा प्रश्न आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. या बिरुदामुळे साठ वर्षांहून अधिक काळचे काम एका दशकाच्या आणि एका माध्यमाच्या दावणीला बांधले जाते. वार्दा मूळच्या छायाचित्रकार. झाँ व्हिलार यांच्या नाट्यसंस्थेसाठी त्यांनी काम केले. फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी १९७० साली त्यांनी ग्रीक निर्वासितांवर ‘नोझिका’ केला. तो प्रक्षेपितच झाला नाही. १९८३ साली एकेका छायाचित्रावर जेमतेम दीड-दोन मिनिटांचे भाष्य, असे १७० लघुपट त्यांनी छोट्या पडद्यासाठी केले. २००३ च्या व्हेनिस बिएनालेत त्यांनी पडद्यांसमोर बटाट्यांचा ढीग मांडला. २०११ मध्ये त्यांची पाच भागांची दूरचित्रवाणी मालिका आली.

समीक्षक या साऱ्याला ‘इतर काम’ म्हणून शेवटच्या परिच्छेदात टाकतात. दूरचित्रवाणी म्हणजे पोटापाण्याचा उद्योग आणि चित्रपट तेवढी कला, हा सोवळेपणा त्यामागे आहे. ‘दागेरेओतीप’ (१९७५) हा माहितीपट पाहावा. एका जर्मन वाहिनीच्या साहाय्याने तो झाला. मूल लहान, घरापासून लांब जाणे अशक्य. म्हणून घरातल्या विजेच्या जोडणीतून सुमारे नव्वद मीटरची तार बाहेर काढली आणि ती पोहोचेल तिथवरचे दुकानदार चित्रित केले : पाववाला, खाटीक, शिंपी. गल्लीचा इतका जिव्हाळ्याचा अभ्यास त्या अडचणीतूनच आकाराला आला. याला दुय्यम ठरवणारी समीक्षा नेमके काय पाहते?

कुणी म्हणेल, वार्दा यांनी स्वतःच म्हातारीची भूमिका हौसेने मिरवली. होय, ‘ले प्लाज द आन्येस’ (२००८) मध्ये त्या गुटगुटीत, बडबड्या म्हातारीच्या रूपात येतात. पण ऐंशीच्या उंबरठ्यावर स्वतः निवडलेले सोंग आणि इतरांनी चिकटवलेले लेबल यांत फरक आहे. सोंग उतरवता येते.

शेतातले पीक निघाल्यावर मागे राहिलेली कणसे वेचणे म्हणजे सरवा. वार्दा यांनी २००० साली हातातल्या लहान डिजिटल कॅमेऱ्याने सरवा वेचणाऱ्यांवरच चित्रपट केला, आणि स्वतःलाही त्यांच्यात मोजले. अखेरच्या ‘वार्दा पार आन्येस’ (२०१९) मध्ये आपल्या मांडणीशिल्पांना त्यांनी चित्रपटांच्या बरोबरीने बसवले. आपल्या कामात मुख्य पीक कोणते आणि सरवा कोणता, अशी वाटणी त्यांनी केली नाही. ती आपण करतो, आणि ‘आजी’ म्हणून हात जोडून मोकळे होतो. यापुढे त्यांच्यावर लिहिताना हा एक शब्द वगळून पाहावा. मग काम पाहण्यावाचून गत्यंतर उरणार नाही.