रूझवेल्ट फ्रँकलिन : बोलीपायी वर्गाबाहेर गेलेला बाहुला

१/८
‘सेसमी स्ट्रीट’ म्हटले की बिग बर्ड आठवतो, कुकी मॉन्स्टर आठवतो. रूझवेल्ट फ्रँकलिन सहसा कोणालाच आठवत नाही. १९७० नंतरची काही वर्षे या कार्यक्रमात वारंवार दिसणारा हा जांभळा बाहुला १९७५च्या सुमारास पडद्यावरून दूर झाला. तो आपोआप विस्मरणात गेला नाही. त्याच्या बोलण्याची लाज वाटली म्हणून त्याला दूर केले गेले.

२/८
१० नोव्हेंबर १९६९ रोजी अमेरिकेत सुरू झालेल्या या कार्यक्रमाचा एक मुख्य हेतू गरीब वस्त्यांतील मुलांची शाळापूर्व तयारी हा होता. पडद्यावर कृष्णवर्णीय आणि गोरी माणसे एकत्र नांदत. तेवढ्यावरून मे १९७० मध्ये मिसिसिपीच्या शासकीय आयोगाने प्रक्षेपण रोखले. टीकेचा भडिमार होताच काही आठवड्यांत माघारही घेतली.

३/८
कार्यक्रमातील पहिला ‘गॉर्डन’ साकारणारे कृष्णवर्णीय कलावंत मॅट रॉबिन्सन यांनीच रूझवेल्टला आवाज दिला. बाहुल्यांच्या त्या जगात कृष्णवर्णीय मुलांना आपला वाटेल असा आवाज हवा, ही त्यामागची दृष्टी होती.

४/८
रूझवेल्टची शाळा त्याच्याच नावाची. शिक्षक नसे, हा विद्यार्थीच वर्ग चालवी. हार्डहेड हेन्री हॅरिससारख्या हूड सोबत्यांना तो गाण्यातून, तालातून शिकवी. १९७१ मध्ये त्याची स्वतंत्र ध्वनिमुद्रिकाही निघाली.

५/८
आक्षेप आले, तेही कृष्णवर्णीय समाजातूनच. त्याची बोली आणि तो गोंगाटी वर्ग साचेबंद प्रतिमेला खतपाणी घालतात, असे काही पालक व शिक्षणतज्ज्ञांचे म्हणणे होते. ही भीती पोकळ नव्हती : मुलाच्या बोलीवरून त्याची बुद्धी मापणाऱ्या शाळा खरोखरच होत्या.

६/८
परंतु निदान बरोबर असले, तरी उपचार चुकला. दोष मापणाऱ्याचा होता. शिक्षा बोलणाऱ्याला झाली. कुकी मॉन्स्टर इंग्रजी व्याकरणाचे नित्य धिंडवडे काढतो, तरी त्याचे स्थान अबाधित राहिले. रूझवेल्टची बोली तर मोडकी नव्हतीच. कृष्णवर्णीयांच्या इंग्रजीला स्वतःचे काटेकोर नियम आहेत, हे विल्यम लबॉव्ह या भाषाशास्त्रज्ञाने १९७२च्या आपल्या ग्रंथात साधार मांडले होते.

७/८
१९७९ मध्ये मिशिगनमधील ॲन आर्बरच्या खटल्यात संघीय न्यायालयाने बजावले : मुलांची घरची बोली लक्षात घेऊनच शाळेने त्यांना प्रमाण इंग्रजीचे वाचन शिकवावे. घरच्या बोलीकडे दुर्लक्ष हाच मुलांच्या वाटेतला अडसर ठरला. रूझवेल्ट तोवर पडद्याआड गेला होता.

८/८
साचेबंदपणावर उतारा एकच : एकाऐवजी अनेक प्रतिमा. रूझवेल्टच्या शेजारी आणखी चार कृष्णवर्णीय बाहुले उभे केले असते, तर एकट्या त्याच्या खांद्यावर साऱ्या समाजाच्या अब्रूचे ओझे पडले नसते. त्याऐवजी तोच हटवला गेला. आईच्या बोलीत बोलणाऱ्या पोराला त्यातून मिळालेला धडा स्पष्ट होता : शिकायचे असेल, तर आधी घरची जीभ दाराबाहेर ठेव. मुलांना वर्गात सामावून घेण्यासाठी निघालेल्या कार्यक्रमाने हा धडा द्यावा, हीच या इतिहासातील खरी शोकांतिका.