परवाना शासनाचा, मग संरक्षणासाठी याचना कशाला ?

स्वतःच्या मालकीच्या भूमीवर, शासनानेच दिलेल्या अनुमतीनुसार भिंत उभारायची आणि तिच्या रक्षणासाठी पुन्हा शासनाच्याच दारात हात जोडून उभे राहायचे ! हा कोणता न्याय ? सातबारा, मोजणीचा नकाशा, बिनशेती आदेश, बांधकाम परवाना हे सर्व घेऊन नागरिक ठाण्यात जातो, तेव्हा एकच ठरलेले उत्तर मिळते : ‘वाद दिवाणी आहे, न्यायालयात जा.’ अडवणाऱ्याजवळ एक कागदही नसतो. तरीही त्याला आणि मालकाला एकाच मापाने मोजून दोघांच्याही हाती प्रतिबंधात्मक नोटीस ठेवली जाते. काम थांबते, आणि अडवणाऱ्याला नेमके तेच हवे असते. गवंडी निघून जातात, सिमेंटची पोती गोठतात, कर्जाचे व्याज चढते. शेवटी मालक ‘मिटवून घेतो’. या मिटवून घेण्यालाच खंडणी म्हणतात.

ही उदासीनता कुठवर जाते, हे धाराशिवकरांनी शेजारीच पाहिले. कळंबहून मांजरा ओलांडली की बीड जिल्ह्याचा केज तालुका लागतो. तेथील मस्साजोगमध्ये ६ डिसेंबर २०२४ या दिवशी पवनऊर्जा प्रकल्पाच्या जागेवर सुरक्षारक्षकाला मारहाण झाली. सरपंच संतोष देशमुख गावकऱ्याच्या साहाय्याला धावले. ९ डिसेंबरला त्यांचे अपहरण करून निर्घृण हत्या करण्यात आली. प्रकल्पाकडे २ कोटी रुपयांची खंडणी मागितली गेली आणि तिच्या आड आल्याने देशमुखांचा बळी गेला, असे तपास यंत्रणेचे आरोपपत्र सांगते. खंडणीचा गुन्हा मात्र हत्येनंतर नोंदला गेला ! आधी नोंदला असता तर ?

दंडशक्ती निजली की मोठा मासा लहान माशाला गिळतो, हे कौटिल्याने सांगून ठेवले आहे. मात्र दंड कागद पाहून उगारायला हवा, माणसाचे वजन पाहून नव्हे. भूम, वाशी, कळंब परिसरात पवनचक्क्या उभ्या राहात आहेत. एखाद्या आस्थापनाने शेतकऱ्याच्या संमतीविना त्याच्या शेतातून रस्ता काढला, तर पोलिसांनी त्या शेतकऱ्याच्याच पाठीशी उभे राहिले पाहिजे. लष्कराने रयतेच्या गवताच्या काडीलाही हात लावू नये, अशी सक्त ताकीद चिपळूणच्या छावणीतील अंमलदारांना देणाऱ्या छत्रपती शिवरायांचा हा महाराष्ट्र आहे.

१९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून वगळला. पण अनुच्छेद ३००-अ शिल्लक आहे. विधीच्या आधाराविना कुणाचीही मालमत्ता हिरावता येत नाही. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ च्या कलम ४७ प्रमाणे अर्जदाराच्या खर्चाने जादा पोलीस देता येतात. ही तरतूद श्रीमंताच्या सोयीची; सामान्याने घर बांधतांना बंदोबस्ताचे शुल्क कोठून भरायचे ? मालकी आणि परवाना निर्विवाद असेल, तेथे अडवणुकीचा खर्च अडवणाऱ्याकडूनच वसूल झाला पाहिजे.

तोपर्यंत बांधकाम करणाऱ्यांनी तोंडी विनवण्या सोडाव्यात. अर्ज लेखी द्यावा, पोच घ्यावी. धमकी वा खंडणीची तक्रार ठाण्याने नाकारली, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) नुसार ती टपालाने पोलीस अधीक्षकांना पाठवावी. तेथेही दाद न मिळाल्यास न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जावे. दखलपात्र गुन्ह्याची नोंद पोलिसांवर बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्येच ललिता कुमारी खटल्यात सांगितले आहे.