दोन फूट पाणी

दोस्तांनो, तुमच्यापैकी जे मालवण, हर्णै, अलिबाग अशा समुद्राकाठच्या गावांत राहतात, त्यांना आजच्या गोष्टीची सुरुवात समजावून सांगायला नको. होडीवाल्यांच्या घरात ती लहानपणापासून कानावर पडते. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमाराला समुद्राला उधाण येतं. पाणी खूप वर चढतं आणि ओहोटीला तितकंच खाली जातं. अष्टमीच्या आसपास मात्र समुद्र आळशासारखा वागतो. भरती बेताची आणि ओहोटीही बेताचीच! हिला म्हणायचं भांगाची भरती.

असं का होतं, ते भूगोलाच्या पुस्तकात आहे. सूर्य आणि चंद्र एका रेषेत आले की दोघं मिळून पाणी ओढतात. ते काटकोनात असले की एकाची ओढ दुसऱ्याची ओढ कमी करते. परीक्षेत दोन मार्कांना येणारा हा प्रश्न १९४३ साली एका चिमुकल्या बेटावर शेकडो माणसांच्या जिवावर बेतला. कसा, ते बघू.

नकाशाची वही काढा. प्रशांत महासागरात, ऑस्ट्रेलियाच्या ईशान्येला, विषुववृत्ताला जवळजवळ चिकटून काही ठिपके दिसतील. त्या वेळी ती होती ब्रिटिशांची गिल्बर्ट बेटं. आज तो किरिबास नावाचा स्वतंत्र देश आहे. (गंमत म्हणजे 'किरिबास' हा 'गिल्बर्ट्स'चाच तिथल्या लोकांच्या तोंडातला उच्चार!) यातलं एक तारावा. ते एकसंध बेट नाही. प्रवाळाच्या कड्यावर मण्यांसारखी ओवलेली बेटं आणि मधे शांत उथळ पाणी, असं ते कंकणद्वीप. त्यातलाच एक मणी म्हणजे बेशिओ. लांबी साधारण तीन किलोमीटर, रुंदी जास्तीत जास्त सातशे-आठशे मीटर. चालत निघालात तर तासाभरात या टोकाहून त्या टोकाला पोहोचाल.

एवढ्याशा जागेसाठी कोण कशाला भांडेल? पण तिथं विमानांची धावपट्टी होती. दुसरं महायुद्ध चालू होतं. डिसेंबर १९४१ मध्ये जपाननं पर्ल हार्बरवर हल्ला केला आणि लगोलग ही बेटंही ताब्यात घेतली. आता अमेरिकेला एकेक बेट घेत जपानच्या दिशेनं सरकायचं होतं, आणि वाटेतलं पहिलं दार होतं बेशिओ.

जपानी नौदलाचे रिअर अ‍ॅडमिरल केइजी शिबासाकी बेटावर प्रमुख होते. दहा लाख माणसं शंभर वर्षं लढली तरी हे बेट पडणार नाही, असं ते म्हणत, असं सांगतात. त्यांच्याजवळ साडेचार हजारांहून जास्त माणसं होती. त्यातले बाराशेच्या आसपास कोरियातून आणलेले मजूर. त्यांच्याकडून नारळाचे ओंडके, वाळू आणि काँक्रीट यांचे शेकडो बंकर बांधून घेतले होते. नारळाचं खोड किती चिवट असतं, ते कोकणातल्या मुलांनी इतरांना सांगावं. तोफगोळ्यानं त्याच्या ढलप्या उडत नाहीत, ते धक्का पिऊन टाकतं.

अमेरिकेच्या मरीन सैनिकांची दुसरी डिव्हिजन हे बेट घेणार होती. मरीन म्हणजे जहाजातून येऊन किनाऱ्यावर उतरून लढणारं दल. त्यांना वाळूवर पोहोचवणाऱ्या सपाट बुडाच्या हिगिन्स बोटी होत्या. पुढची फळी खाली पडली की सैनिक धावत बाहेर. बोट झकास, पण भरल्यावर तिला तरंगायला साडेतीन-चार फूट पाणी लागायचं. आणि बेशिओभोवती, किनाऱ्यापासून अर्धा किलोमीटर आणि काही ठिकाणी त्याहूनही दूरवर, पाण्याखाली प्रवाळाचा रुंद कट्टा होता. भरतीच्या वेळी त्या कट्ट्यावर पाणी किती असेल? सगळा बेत या एका प्रश्नावर टांगलेला होता.

त्या समुद्रात जहाजं हाकलेल्या बहुतेक जाणकारांचं उत्तर होतं, पाच फूट. एक माणूस मात्र ऐकेना. मेजर फ्रँक हॉलंड हे पुष्कळ वर्षं तारावावर राहिले होते. तिथल्या पाण्याचे नखरे त्यांनी रोज पाहिले होते. ते म्हणाले, "त्या दिवशी तीन फुटांहून जास्त पाणी मिळणार नाही."

मग सेनापतींनी त्यांचं ऐकलं नाही का? अर्धवट ऐकलं, असं मला वाटतं. बोटी अडकू शकतात, ही शंका डिव्हिजनचे प्रमुख जनरल ज्युलियन स्मिथ आणि बेत आखणारे कर्नल डेव्हिड शूप या दोघांनाही होती. म्हणून त्यांनी अ‍ॅमट्रॅक नावाची वाहनं मागून घेतली. रणगाड्यासारखे पट्टे असलेलं हे वाहन पाण्यात पोहतं आणि खडकावर चढतं. त्याचा मूळ नमुना एका अमेरिकन इंजिनिअरनं फ्लोरिडाच्या दलदलीत वादळानंतर अडकलेल्या लोकांना सोडवायला बनवला होता! पण अ‍ॅमट्रॅक मिळाले फक्त १२५. त्यात पहिल्या तीन रांगा बसणार, बाकीच्यांनी हिगिन्स बोटींतून यायचं. तारीख पुढे ढकलायला कुणी तयार नव्हतं, कारण पुढच्या बेटांच्या तारखाही ठरून गेल्या होत्या. पाणी चढेल, या आशेवर सगळे निघाले.

२० नोव्हेंबर १९४३. पहाटे युद्धनौकांनी तोफा डागायला सुरुवात केली. सुमारे तीन तास बेटावर आगीचा पाऊस पडला. धूर इतका, की आता तिथं कुणी जिवंत नसणार असं जहाजांवरून बघणाऱ्यांना वाटलं. पण ओंडक्यांच्या आणि वाळूच्या आत जपानी सैनिक टिकून होते. अ‍ॅमट्रॅक कट्ट्यावर चढून किनाऱ्याला लागले. मागून हिगिन्स बोटी आल्या आणि कट्ट्याच्या कडेला घासून थांबल्या.

पाणी चढलंच नव्हतं.

फळ्या पडल्या. पाठीवर ओझं घेतलेले सैनिक पाण्यात उतरले, कुठे कमरेइतक्या तर कुठे छातीइतक्या. रायफली डोक्यावर धरल्या आणि चालायला लागले. पाण्यात पळता येत नाही, हे तुम्ही नदीत किंवा तलावात अनुभवलं असेलच. आडोसाही नव्हता. समोरून मशीनगन चालू होत्या. काही जण खड्ड्यात पाय जाऊन ओझ्यासकट बुडाले. काही जण लांब लाकडी धक्क्याच्या खांबांआडून सरकत पुढे गेले. त्या दिवशी पाच हजार माणसं बेटाकडे निघाली. रात्र होईपर्यंत त्यातली दीड हजार मेली किंवा जखमी झाली.

कर्नल शूप यांनाही पायाला जखम झाली. एका जपानी बंकरच्या भिंतीला टेकून त्यांनी आपलं ठाणं थाटलं. आत अजून जपानी सैनिक होते! जायला दुसरी जागाच नव्हती. त्या रात्री जपान्यांनी एकत्र होऊन हल्ला केला असता तर मरीन समुद्रात लोटले गेले असते. हल्ला आला नाही. तोफांनी बंकर फारसे फोडले नसले तरी टेलिफोनच्या तारा तोडल्या होत्या, आणि शिबासाकी त्याच दिवशी मारले गेले असावेत असं इतिहासकार मानतात. हुकूम द्यायलाच कुणी उरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आलेल्या तुकडीचीही पाण्यात तीच गत झाली. मग दुपारी अखेर पाणी चढू लागलं. संध्याकाळच्या सुमाराला शूप यांनी निरोप पाठवला : "हानी पुष्कळ. मृतांचं प्रमाण माहीत नाही. लढण्याची ताकद : आम्ही जिंकतो आहोत."

लढाई ७६ तास चालली. अमेरिकेची सुमारे हजार माणसं मेली, दोन हजारांहून जास्त जखमी झाली. जपानच्या बाजूला जिवंत हाती लागले फक्त १७ सैनिक आणि १२९ कोरियन मजूर. त्या मजुरांचं तर हे युद्धच नव्हतं. त्यांची बारकाईनं नोंद फार थोड्या पुस्तकांत सापडते, याचं मला नेहमी वाईट वाटतं. त्याच दिवसांत उत्तरेकडच्या मेकिन बेटावर अमेरिकी लष्कराच्या २७व्या डिव्हिजनचे सैनिक उतरले होते. जमिनीवर त्यांचे ६६ जण मारले गेले, पण २४ नोव्हेंबरला जपानी पाणबुडीनं 'लिस्कम बे' ही विमानवाहू नौका बुडवली आणि एकदम ६४४ माणसं गेली.

अमेरिकेत आकडे छापून आले तेव्हा लोक हादरले. एवढ्याशा बेटासाठी एवढी माणसं? एका आईनं अ‍ॅडमिरल निमित्झ यांना पत्र लिहिलं, की तारावावर माझ्या मुलाला तुम्ही मारलंत. पुढच्या मोहिमांच्या आधी मात्र बरंच बदललं. हवाईजवळच्या एका बेटावर जपानी बंकरच्या हुबेहूब प्रतिकृती बांधून त्यांच्यावर तोफांचा सराव झाला. अ‍ॅमट्रॅक वाढवले. पाण्याखालचे खडक आधी जाऊन तपासणारी खास पथकं तयार झाली. शूप पुढे मरीन दलाचे सर्वोच्च प्रमुख झाले, आणि निवृत्तीनंतर व्हिएतनामच्या युद्धाला त्यांनी उघडपणे विरोध केला.

आणि पाणी? ते कोडं सुटायला चाळीसहून जास्त वर्षं लागली. १९८७ साली डोनाल्ड ओल्सन या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञांनी त्या दिवसाचा चंद्र गणितानं मांडून पाहिला. अष्टमीच्या सुमाराचा अर्धा चंद्र, म्हणजे भांगाची भरती. एवढं तर कळण्यासारखं होतं. पण त्याच वेळी चंद्र पृथ्वीपासून सर्वांत दूरच्या टप्प्यावर होता, त्यामुळे त्याची ओढ आणखी कमी. हे दोन्ही एकत्र असं १९४३ मध्ये फक्त दोनदा घडलं, एप्रिलमध्ये आणि त्या नोव्हेंबरमध्ये. हॉलंडसाहेबांनी गणित न मांडताच, नुसतं बघून बघून, बरोबर सांगितलं होतं.

लेफ्टनंट अलेक्झांडर बॉनिमन तिसऱ्या दिवशी वाळूच्या मोठ्या बंकरवर चढताना मारले गेले. वय ३३, घरी तीन मुली. तांब्याच्या खाणीच्या व्यवसायामुळे त्यांना सैन्यात जाण्यापासून सूट होती, तरी ते गेले होते. १९४७ साली त्यांचं सर्वोच्च पदक घ्यायला त्यांची बारा वर्षांची मुलगी उभी राहिली. त्यांची कबर मात्र कुणालाच सापडत नव्हती. लढाईनंतर घाईघाईनं पुरलेल्यांच्या जागांवर पुढे बांधकामं झाली होती. २०१५ साली बेशिओवर तिसाहून अधिक मरीन पुरलेला एक चर सापडला. त्यात बॉनिमन होते. खोदणाऱ्यांबरोबर तेव्हा त्यांचा नातू होता, त्या बारा वर्षांच्या मुलीचा मुलगा.

बेशिओवर आज दाट वस्ती आहे. जुन्या तोफा किनाऱ्यावर गंजत उभ्या आहेत आणि मुलं त्यांच्यावर चढून खेळतात. बाकीच्यांचा शोध त्यानंतरही चालू राहिला.