शब्दओळख : इंटरचेंजेबल

गेल्या ईदला आमच्या घरची नानखटाई बिघडली. बेकिंग पावडर संपली होती, म्हणून मुलीने तेवढाच खाण्याचा सोडा घातला. नानखटाई काळपट झाली आणि चव साबणासारखी. नंतर पाहिले तर कृतीखाली बारीक अक्षरांत इशारा होता : हे दोन पदार्थ 'इंटरचेंजेबल' नाहीत.

"म्हणजे काय, अब्बा?"

इंटरचेंजेबल म्हणजे एकमेकांच्या जागी वापरता येण्याजोगे. यात 'एकमेकांच्या' हे महत्त्वाचे. रिमोटमधले दोन सेल घ्या. हा तिकडे घाला, तो इकडे घाला, काही बिघडत नाही. सोड्याचे तसे नाही. तो पावडरीच्या साधारण तिप्पट जोरकस असतो आणि त्याला दही-लिंबासारखे काही आंबट लागते. पावडरीत आम्ल आधीच मिसळलेले असते.

'इंटर' म्हणजे आपसांत आणि 'चेंज' म्हणजे बदल. लॅटिनमधील 'काम्बियारे', म्हणजे वस्तूच्या बदल्यात वस्तू देणे, हा शब्द जुन्या फ्रेंचमध्ये 'चांजिए' झाला आणि तेथून इंग्रजीत आला. आपला 'बदल' मात्र अरबीतून आला. त्याच धातूपासूनच्या 'मुबादला' या शब्दात आपसांतल्या देवघेवीचा अर्थ आहे. मराठीतला 'मोबदला' तोच!

या शब्दाला मोठे महत्त्व आले ते कारखान्यांमुळे. पूर्वी बंदुकीचा प्रत्येक भाग कारागीर कानसीने घासून जुळवी. एका बंदुकीचा भाग दुसरीला बसत नसे. फ्रान्समध्ये ऑनोरे ब्लाँ याने सर्व भाग अगदी सारखे बनवले. 1785 मध्ये अमेरिकेचे तेथील राजदूत थॉमस जेफरसन यांनी ढिगातून हाताला येतील ते भाग उचलून बंदुकीच्या घोड्याची यंत्रणा जोडली. सारे भाग नेमके बसले. आज शिवणयंत्राची बॉबिन किंवा कुकरची रिंग बाजारातून आणून बसवता येते, ती याच कल्पनेमुळे.

स्पेलिंग लिहिताना एक लक्षात ठेवा. 'एबल' जोडताना 'चेंज'मधला शेवटचा 'ई' गाळू नका. तो 'जी'चा उच्चार 'ज' ठेवतो.

हे सारे ऐकून मुलगी म्हणाली, "इंग्रजीत खालाही आँट आणि फूफीही आँट. मग त्या दोघी इंटरचेंजेबल?"

फूफी शेजारीच बसली होती. मी म्हणालो, "मुळीच नाही, बेटा!"