नाबोथ नसलेला मळा



राजांच्या पहिल्या ग्रंथातील नाबोथाची कथा आपण बालपणापासून ऐकत आलो आहोत. आहाब राजास त्याचा द्राक्षमळा हवा होता. वाडवडिलांचे वतन देणार नाही, असे नाबोथाने निक्षून सांगितले. तेव्हा ईजबेल राणीने राजाच्या नावे पत्रे लिहिली, त्यांवर राजमुद्रा उमटविली, खोटे साक्षीदार उभे केले आणि निरपराध नाबोथ दगडांच्या माऱ्याखाली मेला. या कथेतील एक गोष्ट सहसा आमच्या ध्यानात येत नाही. त्या अन्यायात कागद कोठेच अपुरा नव्हता. पत्र होते, मुद्रा होती, साक्ष होती. नव्हता तो केवळ न्याय.

परंतु नाबोथास निदान ‘देणार नाही’ म्हणावयास मुख होते. जी जमीन सर्वांची, तिचा नाबोथ कोण? सरकारी महामंडळाच्या ताब्यातील माळरान कोणा एकाचे नसते. म्हणूनच ते भलत्या रीतीने दिले गेले, तर हरकत घ्यावयास सहसा कोणी पुढे येत नाही.

आपल्या कॅसलरॉकहून घाट उतरून गाडी ज्या गोव्यात जाते, तेथील उदाहरण पाहा. 2006 सालापासून गोवा औद्योगिक विकास महामंडळाने वेर्णे, केरी आदी ठिकाणची सुमारे 38 लाख चौरस मीटर जमीन विशेष आर्थिक क्षेत्रांसाठी सात कंपन्यांस दिली. गावोगावचे लोक विरोधास उभे राहिले. त्यांत हिंदू होते, तसेच आपले ख्रिस्ती बांधवही होते. 2007 च्या अखेरीस ही क्षेत्रे रद्द करीत असल्याचे सरकारने जाहीर केले. पुढे जनहित याचिकांवर विचार करून मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने नोव्हेंबर 2010 मध्ये जमिनीचे वाटपच रद्दबातल ठरविले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि 2018 साली तडजोड होऊन बरीचशी जमीन परत आली; मात्र मुद्दल व व्याज मिळून सुमारे 256 कोटी रुपये सरकारास परत करावे लागले. घाईने दिलेली जमीन परत मिळविण्यास बारा वर्षे लागली, आणि व्याजाचा भार अखेर जनतेवरच पडला.

अशा प्रकरणी न्यायालय काय तपासते? जमीन कोणास मिळाली, एवढेच ते पाहत नाही. ती कोणत्या रीतीने दिली, हे पाहते. भोपाळच्या एका जमिनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2011 साली हे तत्त्व स्पष्ट केले. सरकारी जमीन केवळ कोणी अर्ज केला म्हणून त्याच्या पदरात टाकता येत नाही. वाटपाचे धोरण उघड असावे, जाहिरात द्यावी, पात्र असलेल्या सर्वांस समान संधी मिळावी. अधिकारी हा कारभारी आहे, धनी नव्हे. आणि कारभाऱ्यास हिशेब द्यावाच लागतो, हे प्रभू येशूने आपणांस शिकविलेच आहे.

आता थोडे आपल्या अंगणात पाहू. पंचायतीकडून घरासाठी जागा मिळणार असल्याची वार्ता पसरताच आमच्या दारी माणसे येतात. “फादर, साहेबांस दोन ओळी लिहून द्या ना,” असे म्हणतात. आम्ही कबूल करतो, मागे अशा दोन ओळी आम्ही लिहिल्या आहेत. त्या चिठ्ठीमुळे, कोणाचाही वशिला नसलेली एखादी विधवा यादीत मागे ढकलली गेली असेल काय, असा प्रश्न त्या वेळी आमच्या मनास शिवला नाही. ईजबेलीची पत्रे आम्हांस दिसली. आमची चिठ्ठी दिसली नाही.

यापुढे अशी चिठ्ठी आम्ही देणार नाही. रविवारच्या मिस्सानंतर अर्ज भरण्यास मात्र आम्ही बसू, आणि जो येईल त्याचा, मग तो कोणत्याही धर्माचा असो, अर्ज भरून देऊ. आपणही एक करावे. लाभार्थी निवडण्यासाठी ग्रामसभा भरेल तेव्हा घरी बसू नये. यादी मोठ्याने वाचावयास सांगावी. एखादे नाव का आले व एखादे का गळले, हे नम्रपणे पण उघड विचारावे. आपल्याच भावकीचे नाव चुकीने आले असेल, तरीही विचारावे. उत्तर न मिळाल्यास 2005 च्या माहिती अधिकार कायद्याने कागद मागता येतो.

सर्वांच्या मळ्यास एक नाबोथ नसतो. म्हणून आपण प्रत्येकाने थोडेथोडे नाबोथ व्हावयाचे आहे. ते धैर्य प्रभू आपणांस देवो.