बोलायला माणूस हवा : ‘साबर बोंडं’च्या निमित्ताने

एकटेपणा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर म्हातारी माणसं येतात. कमावता तरुणही एकटा असू शकतो, हे आपल्या लक्षातच येत नाही. म्हणूनच रोहन कानवडे यांचा ‘साबर बोंडं’ हा मराठी चित्रपट पालकांनी आणि शिक्षकांनी जरूर पाहावा. जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचा सर्वोच्च पुरस्कार त्याला मिळाला.

गोष्ट साधी आहे. वडील वारल्यामुळे मुंबईत नोकरी करणारा आनंद दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी येतो. घर माणसांनी भरलेलं असतं, पण नातेवाइकांचा प्रश्न एकच : लग्न कधी? आनंदला पुरुषाबद्दल प्रेम वाटतं. आईला ते ठाऊक आहे, पण भावकीत बोलायची सोय नाही. मग भेटतो गावातला बालमित्र बाळ्या. त्याच्यामागेही लग्नाचा तगादा आहेच. दोघं लांबलचक संवाद म्हणत नाहीत. नुसते शेजारी बसतात, रानात फिरतात. बाळ्या त्याच्यासाठी साबर बोंडं, म्हणजे निवडुंगाची फळं आणतो. वरून काटे, आत गोडवा!

हा चित्रपट घाटावरच्या गावातला. पण आपल्या मालवणात वेगळं काय आहे? गिरण्यांच्या काळात मुंबईत एकेका खोलीत गावचे कितीतरी चाकरमानी दाटीवाटीने राहायचे. पण मनातलं किती जण बोलले असतील? रापण ओढायला किनाऱ्यावर दोन्ही दोरांना माणसं लागतात. मनावरचं ओझं मात्र ज्याने त्याने एकट्याने ओढायचं, असं आपण मुलग्यांना लहानपणापासून शिकवतो. ‘बायकांसारखा रडतोस काय?’ हे वाक्य वर्गात, घरात सगळीकडे ऐकू येतं.

काहीजण म्हणतील, असे विषय शाळेपर्यंत कशाला आणायचे? अहो, ते शाळेत आधीच आहेत. मागच्या बाकावर गप्प बसणारा, चिडवलं की नुसता हसणारा मुलगा प्रत्येक वर्गात असतो. तो कोणावर प्रेम करील हा पुढचा प्रश्न. आज त्याला टिंगल न करता ऐकणारा एक तरी माणूस हवा.

आपण भेटलो की विचारतो, ‘काय रे, बरो आसस मां?’ आणि उत्तराची वाट न बघता पुढे जातो. यापुढे जरा थांबा. एखाद्याच्या उत्तरात काही अडखळलेलं वाटलं, तर त्याच्या शेजारी बसा. उपदेश नको, लग्नाचा विषय तर मुळीच नको.